शौकत मास्तरांचे दात

चुलीवर दूध होतं आणि मी गोदूची वेणी घालत होते. तेवढ्यात कडी वाजली. अर्धी वेणी हातातून सोडवून पोरगी दाराशी पळाली आणि तिथूनच ओरडली, "आई, एक आजोबा आलेत! त्यांना दातच नाहीत!"

"दात असलेले आपल्याकडे कशाला येतील?" आतून हे म्हणाले. आमच्या पुढच्या खोलीत ह्यांचा दातांचा दवाखाना.

पाहुणे आत आले. पाठ ताठ, केस काळेभोर. फक्त गाल खोल गेलेले आणि हनुवटी नाकाला भेटायला निघालेली. ह्यांनी वय विचारलं.

"चौतीस," ते म्हणाले. शब्दातल्या 'स'चा नुसता वारा झाला.

हे शौकत मास्तर, मालेगावच्या विणकराचा मुलगा. बाविसाव्या वर्षी मूकपटांच्या सूर्यछाया कंपनीत आंधळ्या बापाचं काम मागायला गेले. मालक म्हणाले, "गाल भरलेले दिसतात. दात काढून टाक, जन्मभर काम देतो." मास्तरांनी वैदूकडून सगळे काढून घेतले. किडका एकही नव्हता. हे ऐकताना ह्यांनी हातातला आरसा खाली ठेवला.

काम मिळालं, खोटं नाही. ऋषी, कंजूष सावकार, मुलीला निरोप देणारा बाप. एका चित्रपटात तर मुलगी झालेली नटी मास्तरांहून मोठी होती. दोनदा दिग्दर्शकांना हिवताप झाला, तेव्हा अख्खा चित्रपट मास्तरांनी घेतला.

"मग पडद्यावर नाव कुणाचं आलं?" मी विचारलं.

"ताप असलेल्याचं, वहिनी."

पुढे बोलपट आले, सूर्यछाया बसली आणि जन्मभराचं वचन देणारे मालक भागीदारीत तेलाची गिरणी चालवू लागले. दोन वर्षं मास्तर घरी बसून होते. आता पुण्याच्या एका कंपनीनं म्हाताऱ्या बापाच्या कामासाठी बोलावलं होतं. बोलणं स्वच्छ आलं तर काम पक्कं. हे गेलं तर मालेगावला भावाच्या हातमागावर बसायचं. म्हणून कवळी हवी होती.

कवळी बसली त्या दिवशी मास्तर आरशासमोरून हलेनात. समोर एक देखणा तरुण उभा होता. दुसऱ्या दिवशी हसत सांगत आले, "घरी गेलो तर आमच्या जहिदानं परका समजून पदर पुढे ओढला! लग्नापासून तिनं मला दातांसकट पाहिलंच नव्हतं."

नवी कवळी जिभेला सवयीची होईना, म्हणून ते रोज सकाळी यायचे. मी भाजी निवडत ऐकायचे आणि अडखळले की थांबवायचे. "सासूनं साखर सांडली" हे वाक्य गोदूलासुद्धा पाठ झालं. शेवटी मास्तरांचं भाषण असं खणखणीत झालं की शेजारची पुतळाबाई विचारायला आली, "कुणाशी भांडताय?"

ते पुण्याला गेले, आणि चार दिवसांनी परत आले. दात तोंडात नव्हते. रुमालात गुंडाळलेली कवळी त्यांनी टेबलावर ठेवली.

"बोलणं पसंत पडलं," ते म्हणाले. "मग दिवे लावून चेहरा बघितला. म्हणाले, हा तर नवरदेव दिसतो! दाढी चिकटवून पाहिली, तरी गाल लपेनात. म्हणाले, कवळी काढून बोला. काढून बोललो, तर सगळे हसले."

"मग तरुणाचं काम द्या म्हणावं!" मी चिडून म्हणाले.

"मागितलं. म्हणाले, मास्तर, तुम्ही म्हाताऱ्याचे नट." त्यांनी रुमाल पुढे सरकवला. "ही दुसऱ्या कुणाला बसवा."

"दुसऱ्याला बसत नाही हो ती," हे हळूच म्हणाले.

मास्तर मान हलवून उठले. मालेगावची मोटर गाठायची होती. गोदू चहाचा कप सांभाळत आली. "आजोबा, चहा."

त्यांनी कप घेतला, पण तोंडाला लावला नाही. माझ्याकडे बघून म्हणाले, "वहिनी, एक करा. पोरीला मला काका म्हणायला सांगा."