पेटीतला येफिम लुकिच

पीटर्सबर्गच्या मालिकावाल्यांना म्हातारा लागला की ते येफिम लुकिचला बोलवत. पहारेकरी, दारुडा शेजारी, जनरलच्या मागे उभा राहणारा दुसरा जनरल. उभी हयात यातच गेली. चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा, पण नाव कुणाला ठाऊक असेल तर शपथ! आणि अलीकडे तर कहरच. ऊठसूट त्याला शवपेटीतच झोपवायचे.

त्याची बायको ताइसिया यानं हबकली होती. तिच्या हृदयापुढे डॉक्टरांनी केव्हाच हात टेकले होते. "बास झालं ते पेटीत झोपणं," ती म्हणाली. "मी आहे तोवर एकदा तरी तुला पडद्यावर बोलताना बघू दे." त्यानं शपथ घेतली.

आणि नशीब बघा, भूमिका चालून आली! मुलाला माफ करणारा बाप, पानभर संवाद. भानगड एवढीच, की बाप पुढे मरत होता आणि चित्रण आधी अंत्यविधीचं होतं. येफिम निमूट पेटीत झोपला. चादरीखाली अंगठा दोन बोटांत दाबून धरला. मरणाला ठेंगा दाखवायची तिथल्या नटांची ही रीत. शिवाय पेटीतून उठलेल्याला सगळ्यांनी मिळून व्होडकाची बाटली द्यायची. ती नाकारणं म्हणजे मरणाला आवतण देणं.

घरी ताइसियानं पिशवीत बाटली पाहिली.

"झोपलास ना पुन्हा? शपथ घेऊन?"

"अगं तास्या, परवा बोलायचंय मला! पानभर!"

"मग म्हणून दाखव."

तो शेगडीपाशी उभा राहून बोलू लागला. ताइसिया ढसाढसा रडली. "मेल्या, इतकी वर्षं कुठं लपवलं होतंस हे?"

दुसऱ्या दिवशी दिग्दर्शकाच्या मदतनीस पोरीचा, झ्लाताचा फोन आला. "येफिम लुकिच, तो प्रसंगच काढला हो. पेटीत तुम्ही इतके छान दिसलात, की साहेब म्हणाले, आता बोलायची गरजच काय?"

आता बोला! कुठल्या तोंडानं बायकोला सांगणार? त्यानं सांगितलंच नाही. तिनं मात्र जिन्यावरच्या सगळ्या शेजाऱ्यांना सांगून टाकलं, की येफिम पडद्यावर बोलणार.

मालिकेचा तो भाग लागला त्या संध्याकाळी ताइसिया उशांना टेकून बसली. पडद्यावर मेणबत्त्या, पेटी, पेटीत येफिम. मुलगा रडला.

"आता त्याला आठवण येईल. तेव्हा बोलशील तू," ती म्हणाली.

नावं सरकली. जाहिराती लागल्या.

"जाहिरातींनंतर असेल."

जाहिरातींनंतर बातम्या लागल्या. ती बराच वेळ बातम्याच बघत बसली.

"उद्याच्या भागात आहे ना रे?"

"आहे ना," येफिम म्हणाला. मालिका तर याच भागात संपली होती.

"मग उद्यापर्यंत तग धरायला हवा. माझे थेंब दे."

येफिम पेल्यात औषधाचे थेंब मोजू लागला. त्याची मोजणी चुकली, पाणी फेकून त्यानं पुन्हा पहिल्यापासून मोजायला घेतलं.