मूकपटातल्या मुलीने दिलेला इशारा

आमच्या घरात भूत, नवस, दृष्ट यातलं काहीच चालत नाही. मी मेलबर्नला क्लेटनमध्ये एका लॅबमध्ये काम करते. पुरावा असेल तरच बोला, असा माझा खाक्या. त्यामुळे हे लिहिताना माझं मलाच हसू येतंय…

माझी लेक ओवी इथेच युनिव्हर्सिटीत शिकते. लहानपणापासून जयंतीच्या कार्यक्रमात भीमगीतांना ढोलकी वाजवते. तिच्या फिल्म क्लबने एक जुना जर्मन मूकपट लावायचं ठरवलं — विनोदी, प्रेमाबिमाचा. बेकरीवाल्याची मुलगी आणि तिच्यामागे लागलेले तिघे बावळट. अशा सिनेमाला समोर बसून कोणीतरी संगीत देतं, बहुतेकदा पियानोवर. ओवी म्हणाली, मी ढोलकीवर देते! क्लबवाले हसले, पण तयार झाले.

"आई, इफ आय मेस इट अप, परत ढोलकीला कोणी विचारणार नाही," ती म्हणाली.

रविवारी दुपारी हॉल भरला. सुरुवात झकास. एक जण पिठाच्या पिंपात लपला, ओवीची थाप पडली, लोक खो खो हसले. मग घोळ झाला. हिने सराव केला होता लॅपटॉपवर. जुने मूकपट कमीजास्त स्पीडने चालवतात, हे आम्हाला कुठे ठाऊक! इथे सिनेमा संथ चालला होता. हिची थाप आधी पडायची, पडद्यावरची थप्पड मागाहून. शेवटी तिचे हात थांबले.

आमच्याकडे ढोलकीवाला स्वतःच्या हातांकडे बघत नाही, गाणाऱ्याच्या तोंडाकडे बघतो. त्याने मान हलवली की सुरू करायचं. ओवीने सवयीने वर बघितलं, पडद्यावरच्या त्या मुलीकडे. आणि त्या मुलीने प्रियकरावरची नजर काढून सरळ ओवीकडे बघितलं… हसली… मान हलवली!

ओवी जी सुटली, ती शेवटपर्यंत एक थाप चुकली नाही. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. मी तर चक्क रडत होते.

"आई, शी नॉडेड ॲट मी! तू पाहिलंस ना?" गाडीत तिने विचारलं.

"पाहिलं गं."

नंतर क्लबने तीच कॉपी आम्हाला पुन्हा दाखवली. त्या प्रसंगात ती मुलगी पूर्ण वेळ पाठमोरी आहे. माझ्या नवऱ्याने त्या दिवशी शूटिंग केलं होतं, पण अख्खं ओवीचंच, पडदा कुठेच नाही! "मी माझ्या पोरीला बघायला गेलो होतो," म्हणाला. त्यात ओवी वर बघते, हसते आणि कोणाला तरी मान हलवून उत्तर देते.

हे काय होतं, मला आजही सांगता येत नाही. कोणाला सुचलं तर जरूर कळवा. एवढं मात्र अभिमानाने सांगते — पुढच्या मूकपटासाठी क्लबने पियानोवाल्याला विचारलंच नाही.