नऊ पावलांचे टेकण

मे महिन्यातल्या दुसऱ्या शनिवारी सकाळी सात वाजता माझे वडील बेलापुरातल्या घराच्या ओट्यावरून खाली उतरले, काठीच्या आधाराने नऊ पावले चालले आणि मागोमाग नेलेल्या खुर्चीत बसले. अंतर चार आणे भरले. जमीन मोजायची साखळी तेहतीस फुटांची असते. तिच्या सोळा भागांपैकी एक भाग म्हणजे आणा. वडील निवृत्त होईपर्यंत सरकारी मोजणीदार होते.

फेब्रुवारीत त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. डावी बाजू गेली. महिनाभरात ते धरून धरून चालू लागले होते, पण मार्चमध्ये न्हाणीघराच्या वाटेवर पडले आणि त्यानंतर त्यांनी खाट सोडली नाही. चालले नाहीत तर पाय आखडेल आणि मग उपयोग होणार नाही, असे डॉक्टरांनी स्पष्ट सांगितले होते. आईने विनवले, मी रागावले. ते भिंतीकडे तोंड करून पडत.

सुट्टीत माझी दहा वर्षांची मुलगी माझ्याबरोबर आली. ती वहीत एका राज्याचा नकाशा काढत होती. त्या राज्यात दोन चंद्र होते आणि सकाळी उलटी वाहणारी नदी होती. ती वडिलांच्या खाटेच्या पायथ्याशी बसून काढत असे.

"ही राजधानी किती लांब?" वडिलांनी एकदा विचारले.

"चाळीस टेकण."

"टेकण म्हंजे?"

"चालत निघायचं. बसावंसं वाटलं की एक टेकण झालं. तिथे बसायला दगड ठेवतात. राणीचा हुकूम आहे."

"कुनाच्या पायानं? तू पळत सुटशील, मी हितंच बसंन. मानसागनिक बदलतं ते माप न्हाई, पोरी."

"जो सगळ्यात लवकर दमतो, त्याचं धरायचं. नाहीतर त्याला दगड कसा मिळणार?"

वडिलांनी मान उचलून नकाशाकडे पाहिले. मग म्हणाले, "म्हंजे तुझ्या राज्यात सगळ्यात लंगडा मी, व्हय?"

"एक कासव आहे, आबा. पण त्याला मोजायची दोरी धरता येत नाही."

दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतःचे टेकण मोजायला तिच्याकडून तेहतीस फुटांच्या दोरीला सोळा सारख्या भागांच्या गाठी मारून घेतल्या. तिने दर दोन फुटांवर गाठ मारली आणि शेवटी एक फूट उरला. त्यांनी सगळ्या गाठी सोडायला लावल्या. "शेतकऱ्याचा फूटभर बांध खाल्लास तू," ते म्हणाले. दुसऱ्या खेपेला दोरी बरोबर आली.

मोजणी नोटिशीशिवाय होत नाही, हेही त्यांनीच सांगितले. वहीच्या पानावर मजकूर लिहून घेतला: लगतच्या सर्व खातेदारांना कळविण्यात येते की, शनिवारी सकाळी सात वाजता टेकणाची मोजणी होणार असून आपण हजर राहावे. त्यांना एकच नोटीस अभिप्रेत होती, शेजारच्या घराला. मुलीने 'सर्व' हा शब्द प्रमाण मानून गल्लीतल्या चौदा घरांत नोटिसा दिल्या. हे त्यांना शुक्रवारी संध्याकाळी कळले.

शनिवारी सातच्या जरा आधी त्यांनी आईला सांगितले, "मी न्हाई चालायचो. पडलो तर चारचौघांत पडंन."

"मग लोकांना परत पाठवू?" आईने विचारले.

"कोन आलंय का?"

दारात अकरा जण उभे होते. वडील उजव्या कोपरावर रेटून उठून बसले.

"नोटीस गेली आन् मोजनीदार आला न्हाई, असं माझ्या नोकरीत कदी झालं न्हाई. टोपी दे."

ते बाहेर आले तेव्हा समोरचे कांद्याचे टेम्पोवाले शेजारी म्हणाले, "भाऊसाहेब, आमचा बांध तेवढा सरकवू नका."

"तुमचा बांध तुमीच सरकवलाय. दोरी धरा."

शेजाऱ्यांनी दोरीचे एक टोक धरले, मुलीने दुसरे. मी खुर्ची घेऊन मागे होते. तिसऱ्या पावलाला त्यांचा तोल गेला, पण काठीवर सावरला. कोणी पुढे धावले नाही. आईने हात आडवा धरून सगळ्यांना थांबवले होते.

पुढच्या शनिवारी अंतर अकरा आणे भरले. मुलगी नकाशा घेऊन आली. राजधानी चाळीस टेकणांवरच ठेवायची, तर सगळे राज्य मोठे करावे लागत होते.

"राज्य वाढलं, आबा."

"वाढलं न्हाई. आदीची मोजनी कच्ची हुती. फेरमोजनी लाव."

फेरमोजणीसाठी तिला रीतसर अर्ज करावा लागला. दर शनिवारी नोटिसा निघाल्या. आधीचे दोन दिवस वडील ओट्यावर आईच्या खांद्याला धरून सराव करत, आणि तो मोजणीत धरायचा नाही असे बजावत.

आम्ही परत निघण्याआधीची शेवटची मोजणी जूनच्या पहिल्या शनिवारी झाली. टेकण तीन साखळ्या सहा आण्यांचे भरले. ते गल्लीच्या तोंडाशी, पिठाच्या गिरणीच्या पायरीवर संपले. वडिलांनी तिथेच बसून वहीवर सही केली आणि खाली तारीख घातली. घरी परतताना तेच अंतर दोन टेकणांत झाले.