गाणं नीट वाजू दे

कॅसेटकाकांचं खरं नाव गल्लीत कुणाला ठाऊक नव्हतं, आणि त्यांनाही त्याचं सोयरसुतक नव्हतं. उभा जन्म स्वतःच्या दुकानात व्हिडिओ गेमची मशीनं चालवण्यात आणि दुरुस्त करण्यात गेला. दुकान कायमचं बंद झाल्यावर, लोकांनी भंगारात काढलेल्या गेमच्या कॅसेटी ते घरी आणत, पुसत, आतला गेम कॉम्प्युटरवर उतरवून नेटवरच्या जुन्या गेमच्या संग्रहाला पाठवत. त्यात एक ठिपका इकडचा तिकडे झालेला खपायचा नाही. "जुनं जपायचं तर जसंच्या तसं, नाहीतर राहू दे," हे सुनेनं इतक्यांदा ऐकलं होतं की तिला ते झोपेतही म्हणता आलं असतं.

मग अर्धांगवायूचा झटका आला. काका हिंडूफिरू लागले, पण उजवा हात रुसला. डॉक्टर म्हणाले, बोटं हलवत ठेवा, नाहीतर कायमची आखडतील. व्यायामाचा रबरी चेंडू काकांनी दुसऱ्याच दिवशी कपाटावर भिरकावला. तेव्हा सुनेनं कॉम्प्युटरवर त्यांचा लाडका गेम लावून दिला, खड्ड्यांवरून उड्या मारणाऱ्या सशाचा. ससा पहिल्याच खड्ड्यात. पुन्हा लावला, पुन्हा खड्ड्यात. काकांनी कंट्रोलर खाली ठेवला आणि भिंतीकडे तोंड करून पडले. दिवसभर कॉम्प्युटरकडे फिरकले नाहीत.

तिनं गुपचूप गेमचा वेग निम्म्यावर आणला. ससा खड्डा पार करून गेला. काका रोज खेळायला बसू लागले, बोटं सैल पडू लागली. सून मात्र धास्तावलेलीच. दुकानात खेळताना लबाडी करणाऱ्याला या माणसानं कान धरून बाहेर काढलेलं. यांना कळलं, तर कंट्रोलरला पुन्हा हात लावायचे नाहीत.

एका दुपारी खेळता खेळता काका म्हणाले, "सूनबाई, तो वेग आता होता तसा कर."

तिचा चेहरा उतरला. "बाबा, कधी कळलं तुम्हाला?"

"पहिल्याच दिवशी. गेमचं गाणं रडत रडत वाजत होतं."

"मग बोलला का नाहीत?"

"बोललो असतो तर माझ्याच नियमानं खेळणं बंद करावं लागलं असतं," काका म्हणाले. "आणि मला खेळायचं होतं गं. पण आता गाणं नीट वाजू दे."

तिनं वेग वाढवला. गाणं खणखणीत सुरू झालं, आणि ससा पहिल्याच खड्ड्यात पडला. सून त्यांच्या हाताकडे बघत राहिली.

"हां, पूर्वी अस्साच पडायचा," काका म्हणाले. त्यांनी बोटं चोळली आणि पुन्हा सुरुवात केली.