येळवशीच्या दिवशीचा चहा

चहा मिळाला नाही की माझं डोकं फिरतं, हे आमच्या घरात सगळ्यांना माहीत आहे. मी हायकोर्टात फौजदारी अपिलं चालवते. म्हणजे कुणी कुणाला कशानं मारलं आणि ते कुणी पाहिलं, हे दिवसभर वाचत बसते. हे वाचन चहाशिवाय होत नाही. त्यामुळं मार्गशीर्षातली वेळ अमावस्या आली की माझी पंचाईत होते. मुरुमजवळच्या आमच्या गावात तिला येळवस म्हणतात. त्या दिवशी अख्खं गाव शेतात. ज्वारीत कडब्याची कोप, म्हणजे छोटं खोपटं, उभारायची, पूजा करायची, शेंगाभाज्यांची भज्जी आणि बाजरीचे उंडे यांवर आडवा हात मारायचा, वरून गारेगार आंबील प्यायची आणि तिथंच लवंडायचं. चहाचं कुणी नावही काढत नाही.

त्या वर्षी मी एका अपिलाची कागदपत्रं घेऊनच शेतात गेले होते. शेजारच्या एका गावातलं प्रकरण. काठीच्या मारानं एक तरुण मेला होता आणि दुसऱ्याला जन्मठेप झाली होती. त्या दुसऱ्याची म्हातारी आई दर तारखेला एसटीनं येऊन माझ्या ऑफिसच्या पायरीवर बसायची आणि एकच विचारायची, "बाई, सुटंल का वो माझा ल्योक?" मी "बघू" म्हणायचे. खरं तर बघण्यासारखं काही दिसत नव्हतं. पाहणारा साक्षीदार एकच, पण पक्का. त्या गावातल्या पारावरचा हॉटेलवाला. भर दुपारी हॉटेल चालू होतं, तलाठ्याकडं कामाला आलेली माणसं चहा पीत होती, आणि गल्ल्यावर बसल्या बसल्या त्यानं मागच्या गाडीवाटेवर आरोपीला काठी घालताना पाहिलं. उलटतपासणीत आरोपीच्या वकिलानं चष्म्याचा नंबर विचारला, उन्हाची दिशा विचारली, मधल्या लिंबाच्या फांद्या विचारल्या. गडी हलला नाही. दुपारी हॉटेलवाला हॉटेलात नसेल तर कुठं असेल, असं म्हणून खालच्या कोर्टानं त्याला स्वाभाविक साक्षीदार ठरवलं. मीही समासात पेन्सिलीनं 'बरोबर' लिहून ठेवलं होतं.

दुपारी आंबील पिऊन डोळे मिटायला लागले. मी अण्णांना, म्हणजे वडलांना म्हटलं, "गावात जाऊन चहा पिऊन येते."

"जा की," अण्णा उंडा मोडत म्हणाले. "कुलूप पिऊन ये."

मी इरेला पेटले आणि निघाले. आमच्या पारावर आले तर हॉटेलला कुलूप, किराणा दुकानाला कुलूप, ग्रामपंचायतीला कुलूप. कुत्रीसुद्धा उंड्यांच्या आशेनं शेतात गेलेली. मी त्या हॉटेलच्या फळीवर एक लाथ हाणली, पाय दुखावून घेतला, आणि मग स्वतःच्याच मूर्खपणावर चिडले. येळवशीला हॉटेल उघडं ठेवायला कुणाला वेड लागलंय! हे तोंडातून गेलं आणि मी तशीच उभी राहिले. कागदांत घटनेची तारीख इंग्रजी होती, पण दिवस थंडीचेच. फोनमधलं कॅलेंडर मागं मागं सरकवलं. अमावस्या. हीच, येळवशीची. बंद हॉटेलसमोर मी दुखऱ्या पायानं चक्क नाचले. बघायला गावात कुणी नव्हतं, आणि हाच तर माझा मुद्दा होता.

खालच्या कोर्टातला आरोपीचा वकील परंड्याकडचा. तिकडं येळवशीचं आमच्याएवढं वेड नाही, तेव्हा त्याला दोष देता येईना. पण गावातल्या एकानंही त्याला सांगू नये? त्याला माहीतच असेल असं सगळ्यांनी धरलं असणार, अशी मी मनाची समजूत घातली.

सुनावणीला बसलेले न्यायमूर्ती विदर्भातले. "ही वेळ अमावस्या म्हणजे नेमकं काय?" त्यांनी विचारलं. मी कोपीपासून सुरुवात केली आणि भज्जीत कोणकोणत्या शेंगा पडतात इथपर्यंत पोचले. जेवणाची सुट्टी जवळ आली होती.

"पाककृती पुरे," साहेब म्हणाले. "पुरावा?"

मी कलेक्टरांचा त्या दिवसाच्या स्थानिक सुट्टीचा आदेश पुढं केला. तलाठी कार्यालयच बंद, तर तिथं कामाला आलेली माणसं चहा कशी पिणार? साहेबांनी सरकारी वकिलांकडं पाहिलं. ते तुळजापूरकडचे. बिचाऱ्यांनी कागद चाळले, पाणी प्यायले आणि शेवटी म्हणाले, "साहेब, त्या दिवशी मीसुद्धा शेतातच असतो."

साक्षीदार तिथं होता याचीच खात्री नाही, तर त्यानं पाहिलं यावर जन्मठेप कशी टिकवायची, असं निकालात आलं. संशयाचा फायदा मिळून मुलगा सुटला. म्हातारीनं माझे पाय धरले आणि मी आठवडाभर हवेत होते.

पुढच्या येळवशीला तिनं आग्रहानं त्यांच्या शेतात जेवायला बोलावलं. मुलानं पाट मांडला, भज्जी वाढली, आणि मान खाली घालून बैलांकडं गेला. कोपीसमोर बसून मी सहज वर पाहिलं. ती गाडीवाट समोरच होती. चारी बाजूंच्या शेतांत कोपी, कोपींपुढं माणसं, आणि कुठूनही पाहिलं तरी वाटेवरचा माणूस ओळखू यावा इतकी ती जवळ होती. घटनास्थळाच्या नकाशात ती मी कितीदा पाहिली होती, पण पाहताना कायम हॉटेलच्या बाजूनं पाहिली होती.

"मावशी, त्या दिवशी तुम्ही कुठं होता?"

"हितंच की. समदं गाव हितंच व्हतं."

"मग येळवस होती हे वकिलाला का नाही सांगितलं?"

तिनं मातीच्या बिंदगीतली आंबील माझ्या वाटीत ओतली. "शेतात व्हतो म्हणलं की इचारलं असतं, शेतातनं काय बघितलंत म्हणून. मग काय सांगायचं व्हतं म्या?"

हॉटेलवाला खोटंच बोलला होता. पण ज्यांनी पाहिलं त्यांच्यातलं एकही तोंड उघडलं नाही, म्हणून ज्यानं पाहिलंच नव्हतं त्याला बोलावं लागलं होतं, आणि त्याला मी खोडून काढलं होतं. कायद्यानं मी बरोबर होते, आजही आहे. तरी मी वाटी खाली ठेवली.

"प्या की, बाई," म्हातारी मायेनं म्हणाली. "चहा न्हाय मिळायचा आज."

वाटेपलीकडं एकाच शेतात कोप नव्हती. ते मेलेल्या पोराच्या घरचं, हे मला विचारावं लागलं नाही.