शनिवारचा बाक आणि मोहितेकाका

— सुनंदा परब, करी रोड

आणि सगळ्यात वाईट म्हणजे पंच्याहत्तरीच्या गौरव समितीच्या चारही बैठका शनिवारी संध्याकाळी सहालाच झाल्या. दुसरा वार कुणाला जमत नव्हता म्हणे. शाल कुठल्या रंगाची, हॉल दादरचा की परळचा, पेढे की बर्फी, हे ठरवायला वीस-पंचवीस माणसं जमली. त्याच वेळी, ज्यांचा गौरव करायचा ते श्री. भागुराम मोहिते आमच्या चाळीच्या पटांगणात बाकावर बसून होते आणि शेजारी मी. समोरच्या खुर्च्या रिकाम्या. काका म्हणाले, "आज माणसं कमी दिसतायत." मी म्हटलं, "माणसं तुमचा सत्कार ठरवायला गेलीत." ते हसले. मला हसू आलं नाही. अजून येत नाही.

समितीला राग आला तर येऊ दे. मला त्यांनी सांगितलं, "बाई, गौरवाच्या पुस्तकासाठी दोन पानं लिहा आणि जरा गोड लिहा." मी लालबागला डंकावर मिरच्या कुटते. गोड माझ्या हाताला येत नाही. शाळा चौथीपर्यंत. हे लिहिलंय मात्र मीच, ऱ्हस्व-दीर्घ तेवढे मुलीनं बघितले.

ज्यांना ठाऊक नाही त्यांना आधी बाक काय ते सांगते. मोहितेकाका शिवडीच्या गोदामात तपासनीस होते. निवृत्त झाले त्या महिन्यापासून ते दर शनिवारी सहा ते आठ पटांगणातल्या लाकडी बाकावर बसतात. पाण्याची, गटाराची, रेशनची, मतदार यादीची, कसलीही तक्रार असू दे, कुठल्याही चाळीचा माणूस असू दे, त्याने यायचं आणि समोरच्या खुर्चीवर बसायचं. काका कुणाचा अर्ज लिहून देत नाहीत. ज्याचा अर्ज त्याने लिहायचा, काका शेजारी बसतात. नवीन माणसाला याचा राग येतो. मलाही आला होता.

आमची पहिली ओळख भांडणानं झाली. तिसऱ्या मजल्यावर पाणी चढत नव्हतं. आम्ही सातजणींनी मिळून अर्ज केला, कचेरीत नेऊन दिला. सुनावणीचा दिवस मिळाला. कामाला दांडी मारून आम्ही सातजणी कचेरीच्या व्हरांड्यात जाऊन बसलो. शिपाई बाहेर यायचा, नाव पुकारायचा. "दिगंबर परब!" आम्ही गप्प. "शांताराम सावंत!" आम्ही गप्प. सातही नावं पुकारून झाली, एकीनं ओ दिली नाही. कारण अर्जावर आम्ही नवऱ्यांची नावं घातली होती. खोली त्यांच्या नावावर, मग अर्जही त्यांच्याच नावावर, यात काही वेगळं आहे असं कुणाच्या डोक्यातच आलं नाही. नवरे कामावर. आणि नवऱ्याचं नाव पुकारलं तर बायकोनं ओ कशी द्यायची? अर्जावर शेरा पडला: अर्जदार गैरहजर. आम्ही तिथेच बसलेल्या!

तणतणत चाळीत आले तो शनिवार होता. काका तेव्हा माझ्या फक्त तोंडओळखीचे, पलीकडच्या चाळीतले. बाकासमोर उभी राहून मी कचेरीला, शिपायाला, सगळ्यांना शिव्या घातल्या. काकांनी पूर्ण ऐकून घेतलं. मग विचारलं, "पाणी कोण भरतं?"

"आम्ही."

"पहाटे नळावर कोण उभं राहतं?"

"आम्हीच की!"

"मग दिगंबररावांना पाण्याबद्दल काय ठाऊक?"

मी म्हटलं, "त्यांना तर बादली कुठं ठेवतो तेसुद्धा ठाऊक नाही."

"मग त्यांना कशाला साक्षीला पाठवता? बसा. नवीन कागद घ्या. आधी स्वतःचं नाव लिहा."

घरी सासूबाई भडकल्या. "सुनेन आपल्या नावान सरकाराक कागद लिवचो? लोक काय म्हणतले?" आमचे हे जेवता जेवता म्हणाले, "लिही बाय, माझी रजा वाचली." संपलं. दुसऱ्या वेळी शिपायानं "सुनंदा परब!" म्हटलं, तेव्हा मी अशी ओ दिली की तो बिचारा दचकला.

काकांनी निघताना तीन गोष्टी सांगितल्या होत्या. आपलं नाव सांगायचं, काम सांगायचं आणि तारीख घेतल्याशिवाय उठायचं नाही. साहेब म्हणाले, "ठीक आहे, बघतो." मी म्हटलं, "साहेब, कुठल्या तारखेला बघता?" त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा भिंतीवरचं कॅलेंडर बघितलं असणार. तारीख दिली. त्या तारखेला पाणी आलं नाही. पण त्या तारखेला आम्ही सातजणी पुन्हा दारात उभ्या होतो, म्हणून आठ दिवसांनी आलं.

तिथून मी शनिवारी जायला लागले, ती आजवर.

काका सगळ्यांना अहो-जाहो करतात. मला, माझ्या मुलीला, झाडूवाल्याला, कुणालाही. मी एकदा वैतागून म्हटलं, "काका, तुमच्या मुलीच्या वयाची मी, निदान मला तरी अगं म्हणा." ते म्हणाले, "कचेरीत कुणी तुम्हाला अगं म्हटलं तर चालेल?" "तोंड फोडीन." "मग इथंच सवय लावून घ्या." माझ्या मुलीला वयाच्या सातव्या वर्षी जगात पहिल्यांदा 'तुम्ही' म्हणणारा माणूस तो. आज ती वरच्या आवाजात बोलत नाही, पण मागंही हटत नाही. हे मी शिकवलेलं नाही. मला वरच्या आवाजाशिवाय येत नाही.

त्यावरून माझी एकदा खरडपट्टीही निघाली. एका कारकुनानं मला तीन फेऱ्या मारायला लावल्या. चौथ्या फेरीला मी त्याला सगळ्यांसमोर म्हटलं, "तुझ्या बापाचं ऑफिस आहे का रे?" बाहेर आले तर बायका टाळ्या देतायत. मला वाटलं, काकाही शाबासकी देतील. काका म्हणाले, "सोमवारी जाऊन माफी मागा."

"मी? त्याने मला फिरवलं ते?"

"त्याची तक्रार लिहा, मी शेजारी बसतो. पण बाप काढलात त्याची माफी मागा. ऑफिस त्याच्या बापाचं नाही, खरं आहे. आपल्या बापाचंही नाही. त्याचं आणि तुमचं, दोघांचं आहे. घरातल्या माणसाशी कसं बोलाल?"

मी म्हटलं, "घरात मी याहून वाईट बोलते." पण गेले. माफी मागितली, आणि त्याच टेबलावर त्याच्याविरुद्धची तक्रारही ठेवली. तो माणूस आधी लाल झाला, मग त्याने चहा मागवला. पुढे वर्षभरात तोच कारकून एका शनिवारी आमच्या बाकासमोर खुर्चीवर येऊन बसला. त्याच्या राहत्या गल्लीतलं गटार तुंबलं होतं आणि त्याला तिथं कुणी दाद देत नव्हतं. काकांनी त्यालाही कागद दिला. "आधी नाव लिहा."

निवडणुकीच्या दिवसांतली एक गोष्ट मी माझ्या डोळ्यांनी बघितलेली. एक उमेदवार पटांगणात आले, गळ्यात हार, मागं पंधरा जण. सरळ बाकाकडे येऊन काकांच्या पाया पडायला वाकले. काकांनी पाय मागं घेतले आणि म्हणाले, "सहाजण आधी आलेत. तुमचा नंबर सातवा. बसा."

"काका, माझ्याकडे पाचच मिनिटं आहेत."

"मग पुढच्या शनिवारी या, लवकर या."

त्यांच्या पुढं वरळी कोळीवाड्याची एक म्हातारी मासेवाली होती. ती वळून म्हणाली, "बस रे बाबा, मी पण सकाळपासून बाजारात उभी राहून आलेय." बसले बिचारे. हार काढून मांडीवर ठेवला. नंबर आल्यावर काकांनी नेहमीसारखं विचारलं, "नाव?" मागची पोरं खिदळली, "काका, नाक्यावर एवढा मोठा बॅनर लावलाय!" काका म्हणाले, "बॅनर वाचला. फोटो चांगला आहे. काम आणि तारीख लिहायची राहिली आहे." मग बाकावरच्या तक्रारींच्या वहीत त्यांच्याच हातानं लिहून घेतलं: गटार, आणि पुढच्या पावसाच्या आधी. खाली सही.

ते निवडून आले. त्यानंतर बाकाकडे फिरकले नाहीत. काका दर महिन्याला वही घेऊन त्यांच्या कार्यालयात गेले, चौदा महिने. एकदाही चिडले नाहीत. मी दर महिन्याला चिडले. शेवटी गटार झालं, तेही अर्धं. उरलेल्या अर्ध्यासाठी वही अजून चालू आहे.

मी काकांना म्हणायची, "तुम्हीच उभे राहा की. अर्धं करी रोड मत देईल." तिकीट देणारेही येऊन गेले होते. काका म्हणाले, "मी आत गेलो तर बाहेरून मला प्रश्न कोण विचारेल?" मी म्हटलं, "मी विचारीन." ते म्हणाले, "एकट्याचा प्रश्न म्हणजे कटकट असते, दहा जणांचा झाला की त्याला उत्तर मिळतं. आधी दहा करा." मला हे तेव्हा पटलं नाही, आजही पूर्ण पटलेलं नाही. कौतुक करायचं म्हणून मी खोटं लिहिणार नाही.

त्यांची यादी वाचायची रीत मात्र सगळ्या मुंबईनं उचलावी. मतदारांची कच्ची यादी लागली की काका पटांगणात खुर्चीवर उभे राहून चाळीची नावं मोठ्यानं वाचतात. गॅलरीतून ज्याचं त्याने ओरडायचं, "हजर!" वारलेल्याचं नाव आलं तर शेजारी सांगतो, "वारले." एकदा कुणीतरी ओरडलं, "विरारला गेले, पण गणपतीला येतात!" काका खालून म्हणाले, "मोदक इथं खाऊ दे, मत तिकडं द्यायला सांगा." एका वर्षी आमच्या खोलीची नावं झाली आणि सासूबाईंचं आलंच नाही. त्या कठड्याला धरून उभ्या, ओ द्यायला तोंड उघडलेलं. मग मला म्हणाल्या, "मगे मी मेलंय काय गो?" आयुष्यात कधी स्वतःच्या नावानं कागद न लिहिलेली बाई दुसऱ्या दिवशी माझ्यासोबत कचेरीत आली. अंगठा न देता, हळू हळू का होईना, नाव लिहिलं. आणि उठताना मला कोपर मारलं, "तारीख घेतलंस?" त्या वर्षी मत दिल्यावर शाई लावलेलं बोट त्यांनी दोन दिवस भाकरीच्या पिठात बुडवलं नाही.

आमचे हे आजारी पडले तेव्हा मला डंक बंद ठेवणं परवडणारं नव्हतं. काका रोज दुपारी इस्पितळात त्यांच्या उशाशी बसायला लागले. पेपर वाचून दाखवायचे आणि बातमीवरून दोघं वाद घालायचे. हे मला सांगायचे, "तुझा म्हातारा भारी हट्टी आहे," आणि खूश असायचे. हे गेल्यावर काका आणि काकी घरी आले. बाकीचे खूप बोलले. काका जाताना एवढंच म्हणाले, "शनिवारी तुमची जागा ठेवतो." मला संताप आला. कसला शनिवार! पण गेले. त्या दिवशी एक बाई खुर्चीवर रडत होती, नवऱ्याच्या मागं रेशनकार्डावरून नाव कमी झालेली. काकांनी कागद तिच्यापुढं ठेवला आणि स्वतः सरकून मला म्हणाले, "तुम्ही बसा शेजारी." तेव्हापासून मी खुर्चीवर नाही, बाकावर बसते.

आता मुद्दा. गेल्या महिन्यात काका मला म्हणाले, "पंच्याहत्तरीनंतर मी बाकावर बसणार नाही. समोर खुर्चीवर येईन, माझी तक्रार घेऊन. बाक तुम्ही चालवा."

"चौथी शिकलेली बाई?"

"आधी नाव लिहायला शिकवायचं आहे, तेवढं तुम्हाला येतं."

"माणसं येणार नाहीत काका. आत्ताच कमी आलीत."

"मग ते माणसांना विचारा. आणि सुनंदाबाई, तुमचं उत्तर कधी?"

मी म्हटलं, "बघते." त्यांनी वही उघडून माझ्यापुढं ठेवली. मग मला तारीख द्यावी लागली. सत्काराचा दिवस दिला.

तर काका, हे माझं उत्तर, लेखी: मी बसते. तुम्ही खुर्चीवर या. नंबर मात्र लावावा लागेल. तुम्हाला भरपूर आयुष्य मिळो, गुडघे धड राहोत, डोळे यादी वाचण्याइतके चांगले राहोत, आणि काकींच्या हातची पेज तुम्ही अजून पुष्कळ वर्षं नावं ठेवत ठेवत खा. ते उरलेलं अर्धं गटार तुमच्या डोळ्यांदेखत व्हायला हवं, तेव्हा घाई करू नका.

पण बाक तीन माणसांचा आहे. मी एक बसले. दोन जागा रिकाम्या. या पुस्तकात ज्यांनी ज्यांनी काकांवर लेख लिहिलेत, हॉलमध्ये जे टाळ्या वाजवतील, समितीचे जे सभासद चार शनिवार शालीचा रंग ठरवत होते, त्या सगळ्यांना माझा प्रश्न आहे: त्या दोन जागांवर कोण बसणार? उत्तर सत्कारानंतरच्या पहिल्या शनिवारी संध्याकाळी सहापर्यंत हवं. फोनवर नको, निरोप नको. स्वतः पटांगणात यायचं आणि वहीत आधी स्वतःचं नाव लिहायचं. 'बघतो' लिहिलेलं मी घेणार नाही.