काळीपिवळीचा हॉर्न

२६ मार्च. स्कूटर चंद्रपूरला नेऊन दाखवायची.

पंधरा वर्षे झाली की गाडीची नोंदणी संपते. ती वाढवून घ्यायची तर गाडी आरटीओच्या मैदानावर हजर करावी लागते. माझ्या स्कूटरची मुदत ३१ तारखेला संपत होती. मी राहते मूलला आणि तिथून बारा किलोमीटर आत, जंगलातल्या एका गावात डाकघर चालवते; पोस्टमास्तर मीच आणि झाडणारीही मीच. सकाळी त्या रस्त्याला बस नाही. स्कूटर बंद तर डाकघर बंद.

कागद सगळे होते. इन्शुरन्स होता, पीयूसी होते, नवी नंबर प्लेट होती. अडचण हॉर्नची होती.

दोन वर्षांपूर्वी त्या रस्त्यावर रानडुक्कर आडवे आले आणि माझा हात दीड महिना प्लास्टरमध्ये राहिला. कंपनीच्या हॉर्नला आमच्याकडचे डुक्कर मानही वर करत नाही. म्हणून भंगारात निघालेल्या एका काळीपिवळीचा हॉर्न मी स्कूटरला लावून घेतला. ही काळीपिवळी म्हणजे त्याच गावाची माणसे कोंबून ने-आण करणारी जीप. जीप गेली, आवाज माझ्याकडे आला. डुकरे वाट सोडू लागली. शिवाय गावात शिरताना एकदा वाजवला की निराधार योजनेच्या पैशांसाठी येणाऱ्या म्हाताऱ्या मी कुलूप काढायच्या आत ओट्यावर हजर. दुचाकीला असला हॉर्न चालत नाही हे मला ठाऊक होते. मी ते कोणाला विचारायला गेले नाही, इतकेच.

आदल्या दिवशी मिस्त्रीला म्हटले, "हा काढ आणि जुना लावून दे."

"काढतो बाई. पन चंद्रपूरच्या रस्त्यानं जंगल नाई का? डुक्कर आलं तं का कराल? त्याले पीयूसी दाखवाल?"

मुद्दा बरोबर होता. त्याने दोन्ही हॉर्न लावले आणि सीटखाली एक बटण बसवले. वर केले की कंपनीचा, खाली केले की काळीपिवळीचा.

"मैदानात शिराच्या आधी वर करा. भुलू नका."

"मी भुलत नाई," मी म्हणाले.

वाटेत पाच पिल्ले घेऊन एक डुकरीण रस्त्याच्या मधोमध उभी होती. बटण खालीच होते. वाजवला, रस्ता मोकळा झाला, मी पुढे निघाले. चंद्रपूरपर्यंत मी स्वतःवर खूश होते.

मैदानावर साहेब तरुण होते, इस्त्रीचे कपडे, बोलणे पुण्याकडचे. त्यांनी चॅसिस नंबर पाहिला, टायर दाबून पाहिले.

"दिवा लावा. इंडिकेटर. ब्रेक. हॉर्न वाजवा."

मी वाजवला.

झाडावरचे बगळे उडाले. पलीकडे एक गृहस्थ लायसनसाठी मोटरसायकलवर आठाचा आकडा काढत होते. त्यांनी दचकून दोन्ही पाय टेकवले आणि नापास झाले. ते तिथूनच ओरडले, "ओ बाई, कोन्या जन्माचं वैर काढून राह्यल्या?"

साहेब शांतपणे म्हणाले, "मॅडम, हा स्कूटरचा हॉर्न आहे?"

"स्कूटरला आहे."

"कशासाठी?"

"डुकरांसाठी."

"इथे डुकरे कुठे आहेत?"

या प्रश्नाला माझ्याकडे एक चांगले उत्तर होते, पण मुदत ३१ तारखेची होती. 

"हा काढून आणा. आज जमले तर आज, नाहीतर पुढची तारीख एप्रिलची."

मी डिकीतून पाना आणि पक्कड काढली. पंधरा मिनिटांत हॉर्न, बटण आणि मिस्त्रीने गुंडाळलेली वीतभर वायर साहेबांच्या टेबलावर ठेवली. त्यांनी स्कूटरचा हॉर्न पुन्हा वाजवायला लावला. तो इतका बारीक वाजला की साहेबांनी कान पुढे केला.

"आता ठीक. हा जमा राहील. आणि हा हॉर्न पुन्हा बसवणार नाही, असं लिहून द्या."

दिले. अक्षर माझे चांगले आहे. शिक्का पडला, स्कूटरला आणखी पाच वर्षे मिळाली.

फाटकाबाहेर येऊन मी परतीच्या रस्त्याचा विचार करत उभी राहिले. तेवढ्यात समोर भोंगा वाजला. कुल्फीवाला सायकलच्या दांड्याला बांधलेला रबरी भोंगा पिळत होता. ना वायर, ना बटण.

"भाऊ, हा भोंगा मले द्या."

"मंग मी का तोंडानं बोंबलू?"

"काऊन, तोंड नाई का?"

तो हसला. त्याच्या पेटीत जुना एक भोंगा पडला होता, आवाज जरा फाटका. तो त्याने मला विकला, वर दोन कुल्फ्या घ्यायला लावल्या. एक मी खाल्ली. दुसरी, ज्यांचा आठाचा आकडा बिघडला होता त्या गृहस्थांना नेऊन दिली. त्यांनी आधी माझ्याकडे रागाने पाहिले, मग कुल्फी घेतली.

दुसऱ्या दिवशी सकाळी भोंगा हँडलला नाडीने बांधला आणि निघाले. वळणावर एक डुक्कर होते. मी भोंगा पिळला. त्याने माझ्याकडे नीट पाहिले आणि सावकाश बाजूला झाले. भ्याले असे म्हणवत नाही, पण बाजूला झाले.

गावात शिरताना सवयीने दोनदा पिळला. ओट्यावर एकही म्हातारी नव्हती. पोरे मात्र प्रत्येक घरातून पळत आली, ओंजळीत मोहाची वाळलेली फुले घेऊन. या गावात कुल्फी पैशांऐवजी मोहफुलांवर मिळते.

"बाई, मले लाल!"

"लाल नाई अन् पिवळी नाई. आपापल्या आजीले घेऊन या. निराधारचे पैसे आले म्हनून सांगा."

पोरे हिरमुसली, पण गेली. दहा मिनिटांत म्हाताऱ्या आल्या. सर्वांत पुढची कमरेवर हात ठेवून म्हणाली, "डाकघर बुडलं का बाई? कुल्फी काऊन विकून राह्यली?"

मी कुलूप काढले, तारखेचा शिक्का बदलला आणि तिला आधी अंगठा लावायला सांगितले.